मुक्या पेटीची भाषा

बीड जिल्ह्यात 'डीजे' हा शब्द माणसासाठी क्वचितच वापरला जातो. वरातीपुढच्या गाडीवर रचलेल्या स्पीकरच्या भिंतीलाच लोक डीजे म्हणतात. त्या भिंतीमागे, लॅपटॉपशेजारी ठेवलेल्या दोन चकत्यांच्या पेटीकडे, म्हणजे कंट्रोलरकडे, कुणाचे लक्ष जात नाही. तिचा इतिहास मात्र पोथ्यांच्या अभ्यासकाला ओळखीचा वाटावा.

या पेटीत संगीत नसते. कळ दाबली की ती संगणकाला काही आकडे पाठवते, एवढेच. त्या आकड्यांची भाषा, मिडी, 1983 साली निरनिराळ्या वाद्यनिर्मात्यांच्या संमतीने सिद्ध झाली. अमुक आकड्याचा अर्थ 'गाणे सुरू कर' की 'ठेका जुळव', हे ठरते सॉफ्टवेअरमधल्या कोष्टकात, मॅपिंगमध्ये. शब्द आणि अर्थ यांचे नाते सांकेतिक असते, हे वर्गात समजावण्यासाठी याहून सुटसुटीत उदाहरण मला सापडलेले नाही.

अंबाजोगाईच्या दासोपंतांची सुमारे 40 फूट लांबीची पासोडी वाचायला अक्षरओळख पुरते. कापड आणि डोळा यांच्यामध्ये कुणी दुभाषा नाही. 2000 नंतरच्या दशकातल्या अनेक कंट्रोलरना मात्र कंपनीच्या ड्रायव्हरचा दुभाषा लागे. विंडोज एक्सपीचा आधार 2014 मध्ये संपला, ॲपलने 2019 मध्ये 32-बिट प्रणाली वगळल्या, आणि एकही कळ झिजलेली नसताना कित्येक पेट्या मुक्या झाल्या. याला झीज म्हणता येत नाही. हा लादलेला मृत्यू होय. ज्यांनी 1999 चा यूएसबी-मिडी संकेत पाळला, त्या आजही ड्रायव्हरवाचून ओळखल्या जातात.

अशा पेट्यांना 'मिक्स' (इंग्रजीत शेवटी तीन एक्स!) या मुक्त सॉफ्टवेअरचा मोठा आधार आहे. पडद्यावरची क्रिया निवडावी, पेटीवरची कळ दाबावी, जोडणी होते. पेटीतले साउंडकार्ड चालत नसेल, तर चार आउटपुटचे वेगळे घ्यावे: दोन स्पीकरसाठी, दोन हेडफोनसाठी. वेगाची पट्टी बहुधा 128 पायऱ्यांचीच असते. तिची मर्यादा अधिक-उणे 8 टक्के ठेवल्यास एक पायरी सुमारे अष्टमांश टक्क्याची पडते. 50 ठेवल्यास पाऊण टक्क्याहून मोठी, आणि मग हलगीचा ठेका काही केल्या जुळत नाही.

हे कोष्टक साध्या मजकुराच्या फाइलीत राहते, कोणालाही उघडून वाचता येते. लॅपटॉप बदलण्याआधी तिची एक प्रत पेनड्राइव्हवर काढून ठेवावी.