उसाचं इंधन: मिरजेपासून आपल्या टाकीपर्यंत

मुरगूडच्या आसपास ऊस नाही असं शिवार सापडणं अवघड. इकडं बिद्रीचा कारखाना, तिकडं हमीदवाड्याचा. त्यामुळे पेट्रोलमधल्या इथेनॉलचा विषय निघाला की एकच माणूस ऊसवाला म्हणून खूश असतो आणि गाडीवाला म्हणून वैतागतो: "अॅव्हरेज पडलं की रं!" त्याचं दोन्ही खरं आहे. कसं, ते बघू.

ही कल्पना जुनीच. अल्कोहोल पेट्रोलमध्ये मिसळण्यासाठी भारतात १९४८ सालीच 'पॉवर अल्कोहोल' कायदा झाला. २००० साली तो रद्द झाला आणि गंमत म्हणजे २००१ मध्ये मिरज, मनमाड आणि बरेली इथं मिश्रणाचे प्रयोग सुरू झाले. २००३ मध्ये नऊ राज्यांत ५ टक्के मिश्रण आलं. पण इथेनॉल पुरेना, म्हणून पुढच्याच वर्षी सक्ती सैल झाली. २०२२ मध्ये १० टक्के आणि २०२५ मध्ये २० टक्के गाठले.

आता रसायनशास्त्र. इथेनॉलच्या रेणूत ऑक्सिजन आधीच असतो, म्हणजे तो थोडासा 'जळलेलाच' असतो. म्हणून लिटरमागे पेट्रोल साधारण ३२ मेगाज्यूल उष्णता देतं, तर इथेनॉल २१. वीस टक्के मिश्रणाचा हिशोब केला तर सुमारे ३० येतात, म्हणजे जवळपास ७ टक्के कमी. अॅव्हरेज पडण्याचं मूळ इथं आहे.

मग फायदा काय? ऑक्टेन. ठिणगीची ज्योत पोचण्याआधीच उरलेलं इंधन दाबाखाली आपोआप पेटलं तर इंजिन ठोके देतं, त्याला नॉकिंग म्हणतात. इथेनॉलचा ऑक्टेन अंक १०८ च्या आसपास, साध्या पेट्रोलचा ९१. शिवाय वाफ होताना ते सिलिंडरमधली हवा थंड करतं. म्हणजे जास्त दाबाचं, जास्त कार्यक्षम इंजिन बांधता येतं, आणि उष्णतेतला तोटा काही अंशी भरून निघतो. पण जुन्या गाडीचा दाब ठरलेला. तिच्या वाट्याला तोटाच जास्त येतो. त्यात इथेनॉल पाणी ओढतं आणि जुन्या रबरी नळ्यांना सोसत नाही.

डिसेंबर २०२३ मध्ये साखर कमी पडेल म्हणून उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर बंधनं आली. २००४ सारखाच धडा: हे इंधन शेतात पिकतं, त्यामुळे पाऊस हुकला की टाकीलाही कळतं. म्हणून नुसती टक्केवारी वाढवून भागणार नाही. त्या इंधनासाठी बांधलेलं इंजिन आणि उसाशिवाय दुसरा कच्चा माल, दोन्ही लागतील.