ओसाड मुक्कामाची गझल

उर्दू गझलेतलं दुःख म्हटलं की रुसलेली प्रेयसी आणि रिता पेला डोळ्यांपुढे येतो. या दुःखाचं कूळ मात्र एका सोडून गेलेल्या वस्तीत आहे. सहाव्या शतकातला अरबी कवी इम्रुल कैस आपल्या प्रसिद्ध कसिद्याच्या, म्हणजे दीर्घ कवितेच्या, आरंभी वाळवंटात थांबतो. प्रेयसीचा तांडा निघून गेलेला, मुक्कामाच्या खुणा तेवढ्या उरलेल्या. त्या पाहून तो रडतो. कसिद्याच्या या विरही आरंभाला नसीब म्हणत. गझल त्यातूनच वेगळी झाली आणि फारसीत वाढली, असं अनेक अभ्यासक मानतात.

दिल्लीत उर्दू गझलेचा जम बसला तो आपल्या दख्खनमुळे. औरंगाबादच्या कवी वलीचा दीवान, म्हणजे काव्यसंग्रह, अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात तिथे पोचला आणि फारसीत रमलेले कवी उर्दूकडे वळले. पुढे मीरने उजाड दिल्लीचा शोक मांडला. फैजच्या विरहात देशाचं दुःख मिसळलं. मला मात्र नासिर काजमी अधिक जवळचे वाटतात. फाळणीत अंबाला सुटलं, ते लाहोरला गेले, आणि तो जुना ओसाड मुक्काम त्यांच्या शेरांत पुन्हा उभा राहिला.

मराठीत माधव जूलियनांची ‘गज्जलांजली’ १९३३ची. सुरेश भटांनी पुढे गझल घराघरांत नेली. सिंधुदुर्गही मागे नाही. वेंगुर्ल्यात जन्मलेल्या मंगेश पाडगावकरांचा ‘गझल’ नावाचाच संग्रह आहे. तळेऱ्याचे मधुसूदन नानिवडेकर तर गझलकार म्हणूनच ओळखले गेले.

हा विरह इथल्या माणसाला शिकवावा लागत नाही. मालवण-देवगडच्या वाड्यांतून पिढ्यान्‌पिढ्या माणसं मुंबईच्या गिरण्यांत नि गोदीत गेली. मागे म्हातारी माणसं राहिली, मग तीही गेली. आता कित्येक घरांचं कुलूप चतुर्थीला निघतं आणि गणपती पोचवले की पुन्हा लागतं. शेरामागून शेरात रदीफ, म्हणजे शेवटचा तोच शब्द, परतते, तसा चाकरमानी दरवर्षी येतो. ओढ तीच, आशय दर वेळी निराळा. दोन ओळींत वेदना पुरी करून पुढच्या शेराला नव्याने भिडणारी ही रचना त्या तुटक भेटींना नेमकी पेलते.

म्हणून कोकणात नव्याने गझल लिहिणाऱ्यांना आग्रहाने सांगावंसं वाटतं: साकी आणि मयखाना उसना आणू नका. आपल्या वाडीतल्या बंद घरासमोर थांबा आणि तिथून मतला, गझलेचा पहिला शेर, लिहा.