आलापल्लीचा साग आणि गावाचा हिशेब

घराला दार करायचं म्हटलं की विदर्भात पहिली मागणी बल्लारशाच्या सागवानाची. त्यातला उत्तम माल येतो गडचिरोली जिल्ह्याच्या दक्षिणेकडच्या आलापल्ली-सिरोंचाच्या जंगलातून. बल्लारशाला, म्हणजे बल्लारपूरला, रेल्वे आणि लिलावाचा डेपो, म्हणून नाव त्याचं झालं. अयोध्येच्या राममंदिरासाठी 2023 च्या मार्चमध्ये सागवान निघालं तेही बल्लारशाहूनच, मिरवणुकीने.

माझे आजोबा आलापल्लीच्या जंगलात कुपावर, म्हणजे कटाईसाठी आखलेल्या पट्ट्यावर, मुनशी होते. ते सांगत, दिवाळी झाली की कटाई सुरू व्हायची. माडिया-गोंड मजूर बायकापोरांसह रानात उतरायचे, पानांच्या झोपड्या घालायचे. खूण केलेलं झाडच पाडायचं. ते कुठल्या अंगाला पडेल हे कुऱ्हाडीवाला बुंध्याला हात लावून सांगायचा आणि तसंच ते पडायचं. मग लांबी आणि गोलाई मोजायची, ओंडक्याच्या तोंडावर नंबर घालायचा आणि सरकारी हातोड्याचा ठसा ठोकायचा. ठसा नसेल तर तो माल चोरीचा. जिथे बैलगाडी पोचत नसे तिथून ओंडके ओढायला वनखात्याचे हत्ती होते. कमलापूरचा हत्ती कॅम्प 1962 चा. झाड ओळखणारा, तोलणारा, पाडणारा माणूस रानातला. पण वहीत त्याच्या नावापुढे फक्त रोजी लिहिलेली असे. हे सांगताना आजोबांचा आवाज उतरायचा.

दुसरी बाजू आमच्याकडे मोहफुलं घेऊन येणाऱ्या एका गोंड आजीने सांगितली. तिच्या लहानपणी टोपलीभर मोहफुलांच्या बदल्यात मीठ मिळे आणि माप दुकानदाराचं असे. घराला एक वासा आणायचा तर वनखात्याच्या नाकेदाराला कोंबडी द्यावी लागे. ‘‘झाड आमच्या देवाचं, अन् भीती नाकेदाराची,’’ असं ती म्हणायची.

तिच्या त्या एका वाक्यात इथल्या वनव्यवसायाचा शतकभराचा इतिहास आहे. 1878 आणि 1927 च्या वनकायद्यांनी जंगल सरकारचं झालं. स्वातंत्र्यानंतर बल्लारपूरच्या कागद कारखान्याला लागणारा बांबू याच टापूतून गेला. 1969 च्या कायद्याने तेंदूपानाचा व्यापार सरकारच्या हाती आला. 1974 साली वन विकास महामंडळ स्थापन झालं. मिश्र जंगल तोडून तिथे सागाच्या ओळी उभ्या राहिल्या. सागाला भाव होता हे खरं, पण मोह, चारोळी आणि तेंदू गेले की गावाच्या पोटाचं काय, हा प्रश्न कागदावर कधी आलाच नाही.

तो आणला धानोरा तालुक्यातल्या मेंढा-लेखा या छोट्या गावाने. 2006 च्या वनहक्क कायद्याखाली 2009 मध्ये त्याला सुमारे 1,800 हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. तरीही बांबू विकायचा तर वाहतूक परवाना वनखात्याकडेच. अखेर एप्रिल 2011 मध्ये तेव्हाचे केंद्रीय मंत्री जयराम रमेश गावात आले आणि परवान्याचं पुस्तक ग्रामसभेच्या हाती दिलं. पुढे गडचिरोलीतल्या अनेक ग्रामसभा तेंदूपानाचा लिलाव स्वतः करू लागल्या. मे महिन्यात पहाटे रानात जायचं, दुपारी अंगणात बसून सत्तर-सत्तर पानांचे पुडे बांधायचे आणि संध्याकाळी फळीवर, म्हणजे संकलन केंद्रावर, मोजून द्यायचे. काम तेच, पण आता भाव ठरवताना गाव समोर बसतं.

सगळं सुरळीत झालं असं नाही. काही गावांचे पैसे कंत्राटदारांनी थकवले. प्लायवूड आणि परदेशी सागाने सुतारकामाचा मोठा भाग व्यापला. कागदासाठी शेतात लावलेली सुबाभूळ आणि निलगिरी पुढे आली. आणि आजही गडचिरोलीचा बांबू, मोह, साग बहुतेक कच्चाच जिल्ह्याबाहेर जातो. त्यावर रंधा फिरतो तो दुसऱ्याच गावात.

म्हणून मला वाटतं, या व्यवसायाचं भवितव्य किती घनमीटर लाकूड निघालं यावर मोजू नये. ग्रामसभेकडे गोदाम आहे का, लिलावापूर्वी तिला बाजारभाव कळतो का, बँक तिला खेळतं भांडवल देते का, आणि बांबूकामाचा कारखाना तालुक्यातच उभा राहतो का, यावर मोजावं. जंगल ज्याचं पोट भरतं तोच ते राखतो. मेंढा-लेखाने हे करून दाखवलं आहे. आता सरकारने आणि बाजाराने अशा गावांना बरोबरीचे व्यापारी मानायला हवं.