मंजुरीचा कागद

परवा तहसील कचेरीसमोर एक काका भेटले. पिशवीत तीन वर्षांच्या अर्जांची थप्पी. म्हणाले, "पत्रकार, साहेबावर केस टाकायची तर साहेबाच्या साहेबाची परवानगी लागते म्हणं. खरं का हो?"

खरं आहे, पण अर्धंच. उरलेलं अर्धं समजायला १९८१ च्या मुंबईत जावं लागतं. मी तेव्हा पाळण्यात होतो. ही केस मला डिप्लोमाला शिकवली गेली, आणि खरी कळली ती बातमीदारी करताना.

सिमेंट तेव्हा परमिटवर मिळायचं. मुख्यमंत्री होते बॅ. ए. आर. अंतुले. आरोप असा, की बिल्डरांनी त्यांच्या ट्रस्टला देणग्या द्यायच्या आणि सिमेंटचा कोटा घ्यायचा. अरुण शौरींनी ते छापलं. भाजपचे रामदास नायक यांनी १ सप्टेंबर १९८१ ला राज्यपालांकडे खटल्याची मंजुरी मागितली आणि दहा दिवसांत मॅजिस्ट्रेटपुढे खासगी फिर्याद ठोकली. मंजुरी नाही म्हणून मुख्य आरोप तिथेच अडले.

दुसऱ्या बाजूने पी. बी. सामंत हायकोर्टात रिट घेऊन गेले होते. १२ जानेवारी १९८२ ला न्या. लेंटिन यांनी देणगी आणि सिमेंट यांचा संबंध आहे असा निकाल दिला, आणि मुख्यमंत्र्यांनी राजीनामा दिला. जुलैमध्ये राज्यपालांची मंजुरी आली. नायकांनी नवी फिर्याद केली. तर विशेष न्यायाधीश म्हणाले, अंतुले अजून आमदार आहेत, आमदार म्हणजे लोकसेवक, त्यासाठी वेगळी मंजुरी आणा! खटला पुन्हा शून्यावर.

१६ फेब्रुवारी १९८४ ला सुप्रीम कोर्टाच्या पाच न्यायाधीशांनी हा गुंता सोडवला. ज्या पदाचा गैरवापर झाला त्याच पदापुरती मंजुरी लागते, आणि दखल घेताना माणूस त्या पदावर नसेल तर लागतच नाही. त्याच दिवशी दुसऱ्या निकालात सांगितलं, की अशी फिर्याद कोणीही साधा नागरिक करू शकतो. माझ्या मते त्या सगळ्या प्रकरणात आपल्या कामाची गोष्ट ही दुसरीच. कारण पुढे खटला हायकोर्टात गेला, १९८८ ला सात न्यायाधीशांनी तो आदेशही फिरवला, आणि अंतुलेंना शिक्षा काही झाली नाही. ते नंतर केंद्रात मंत्रीही झाले.

मंजुरीची भिंत मात्र वाढत गेली. २०१६ ला आपल्याच राज्याने दुरुस्ती केली: मंजुरीशिवाय मॅजिस्ट्रेटने लोकसेवकाविरुद्ध तपासाचा आदेश द्यायचा नाही, आणि तोवर त्याचं नाव छापणं हाही गुन्हा. तेव्हा मी एका बातमीतलं नाव स्वतःच्या हाताने खोडलंय. गावातल्या पोरासोरांना माहीत असलेलं नाव, फक्त पेपरात नाही! २०१८ ला भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा बदलला, आता निवृत्त झाला तरी मंजुरी हवी. म्हणजे १९८४ ला जे दार उघडलं ते बऱ्यापैकी लोटून घेतलं. प्रामाणिक अधिकाऱ्याला खोट्या केसपासून संरक्षण हवं हे मला मान्य आहे. वाळूवाल्यांनी चांगल्या माणसावर फिर्यादी टाकलेल्या मी पाहिल्यात. पण कागद दाबून ठेवणाऱ्याला कोण विचारणार?

१ जुलै २०२४ पासूनच्या नागरिक सुरक्षा संहितेत याला थोडं उत्तर आहे. सरकारने १२० दिवसांत मंजुरीवर निर्णय घेतला नाही तर ती मिळाली असं धरायचं. मात्र कामकाजातल्या कृत्याबद्दल तक्रार असेल तर मॅजिस्ट्रेटने आधी वरिष्ठाचा अहवाल मागवायचा आणि त्या अधिकाऱ्याचं म्हणणं विचारात घ्यायचं.

काकांना एवढंच सांगितलं: आधी पोलीस ठाणे, मग एसपींना लेखी, मग मॅजिस्ट्रेटकडे प्रतिज्ञापत्रासह अर्ज. प्रत्येक ठिकाणी तारखेचा शिक्का घ्या, दिवस त्यावरूनच मोजतात. त्यांनी पिशवी उघडून दाखवली. अर्ज बावीस, शिक्के चारावर.

उद्या सकाळी अकराला आम्ही दोघं पोलीस ठाण्यात जातोय. कुणाला यायचं असेल तर या.