ससाण्याचा प्रश्न

'बहिरी ससाणा' हे नाव ऐकलं की पुष्कळांना वाटतं, हा पक्षी कानांनी अधू असावा. तसं मुळीच नाही. त्याचे कान पिसांखाली झाकलेले असतात आणि त्याला उत्तम ऐकू येतं. 'बहर' म्हणजे अरबीत समुद्र. बहरी म्हणजे सागरी. दरबारी फार्सीतून हा शब्द आपल्याकडे आला आणि मराठी जिभेवर 'बहिरी' होऊन बसला. बाज, शाहीन, शिक्रा ही नावंही त्याच वाटेनं आली. खुद्द 'ससाणा' हा शब्द मात्र संस्कृत 'शशादन' या शब्दाशी जोडला जातो. शशादन म्हणजे ससा खाणारा. म्हणजे एका नावात त्याचा मुलूख आहे, तर दुसऱ्यात त्याचं जेवण. मला आज बोलायचं आहे ते या जेवणाविषयी. माणसानं ससाण्याला देवत्व दिलं, राजचिन्हाचा मान दिला. पण त्याच्या नि आपल्या नात्याचा इतिहास पाहिला, तर तो फिरून फिरून अन्नाच्या प्रश्नाशी येऊन थांबतो.

आधी त्याच्या डोळ्याबद्दल सांगतो. डोळ्याच्या पडद्यावर सर्वांत स्पष्ट दिसण्याची एक जागा असते. माणसाच्या एका डोळ्यात ती एकच असते, ससाण्याच्या डोळ्यात दोन. त्यांतली एक समोरचं पाहते, दुसरी बाजूचं. आणि दूरचं सर्वांत स्पष्ट दिसतं ते बाजूच्या जागेनं. आता गंमत पाहा. लांबचं सावज नीट न्याहाळायचं तर मान वळवायला हवी. पण भर वेगात मान वळवली की हवेचा अडथळा वाढून वेग कमी होतो. बहिरी ससाण्याचा सूर ताशी ३०० किलोमीटरच्याही पुढे जातो. मग तो करतो काय? मान सरळ ठेवतो आणि वाटच वाकडी करतो! मोठ्या वळणानं, सावज डोळ्याच्या कोपऱ्यात धरून तो खाली येतो. अमेरिकेतल्या ड्यूक विद्यापीठाचे व्हॅन्स टकर यांनी २००० साली हे कोडं उलगडून दाखवलं. एवढं करूनही पुष्कळ झडपा वाया जातात. या पक्ष्याला रोजची भाकरी स्वस्तात मिळत नाही.

आपल्या पूर्वजांना त्याची झेप आधी दिसली. ऋग्वेदात स्वर्गातून सोम आणणारा श्येन आहे. यज्ञासाठी पंख पसरलेल्या श्येनाच्या आकाराची वेदी विटांच्या पाच थरांत रचत, तिला श्येनचिती म्हणत. पण मला सर्वांत मोलाची वाटते ती शिबी राजाची कथा. महाभारताच्या वनपर्वात ती शिबीचा पिता उशीनर याच्याही नावावर आहे. ससाण्याच्या भीतीनं कबुतर राजाच्या मांडीवर येतं. राजा अभय देतो. ही गोष्ट आपण लहानपणापासून राजाच्या बाजूनं ऐकत आलो. मूळ कथेत मात्र ससाणा राजाशी रीतसर वाद घालतो. तो विचारतो, या एका जिवाला वाचवून तू माझं विहित अन्न काढून घेतोस; मी मेलो तर माझी बायकापोरंही मरतील, हा कुठला धर्म? राजाला या प्रश्नाचं उत्तर देता येत नाही. म्हणून तर तो तराजू मागवतो आणि स्वतःचं मांस कापून पारड्यात घालतो. अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात ही कथा रंगवलेली आहे. ससाणा तिथे खलनायक नव्हे. त्याचीही बाजू खरी आहे. दुसऱ्याच्या पोटाचा प्रश्न असेल तर दया दाखवणाऱ्यानं तिची किंमत स्वतः मोजावी, असं ही कथा सांगते.

पुढे राजांनी ससाणा मनगटावर घेतला. कल्याणीचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर यानं बाराव्या शतकात 'मानसोल्लास' हा ग्रंथ रचला. त्यातल्या जुन्या मराठी ओळींमुळे भाषेच्या अभ्यासकांना तो ठाऊक असतो. त्यात राजाच्या करमणुकींमध्ये श्येनविनोदही आहे. कुमाऊँचा राजा रुद्रदेव यानं तर या विषयावर 'श्यैनिकशास्त्र' नावाचा स्वतंत्र संस्कृत ग्रंथ लिहिला. हरप्रसाद शास्त्रींनी तो १९१० साली कोलकात्यात छापला. त्यात पक्ष्यांचे आहार आहेत, आजार आहेत, औषधं आहेत. 'ऐन-ए-अकबरी' पाहा. अकबराच्या दरबारात या पक्ष्यांना दिवसातून दोनदा खाणं मिळे. बाजाला सात दाम वजनाचं मांस, जुर्र्याला सहा. जुर्रा म्हणजे बाजाचा नर. या कुळात मादी आकारानं मोठी असते. बादशहाच्या मनगटावर मिरवणारा पराक्रम बहुधा मादीचाच असे!

हे पक्षी रानातून धरून आणत. पापण्यांत बारीक दोरा घालून डोळे मिटवत आणि मग अनेक रात्री हातावर जागवत, भरवत, हळूहळू उजेड दाखवत. पुढे डोळ्यांवर चामड्याची टोपी येई. यात क्रौर्य होतं हे खरंच. पण पक्ष्याला धाक दाखवून, मारून काहीच साधत नाही, हेही शिकवणाऱ्याला ठाऊक होतं. एकदा हातावरून उडाला की ससाणा पूर्ण मोकळा असतो. तो परत येतो तो मुठीतल्या मांसासाठी, राजनिष्ठेपोटी नव्हे. दरबारातल्यांना दिसे ती सत्ता. मीरशिकाराला दिसे ती भूक.

संस्थानं गेली, १९७२ च्या वन्यजीव कायद्यानं असे पक्षी बाळगणंही बंद केलं. पण त्याच सुमारास जगभर ससाण्याच्या अन्नावर वेगळंच संकट आलं होतं. दुसऱ्या महायुद्धानंतर डीडीटीची फवारणी वाढली. किड्यांतून ते विष छोट्या पक्ष्यांत गेलं, त्यांच्यातून ससाण्यात साठलं. ब्रिटनमध्ये डेरेक रॅटक्लिफ यांनी संग्रहांतली जुनी अंडी नव्यांशी ताडून पाहिली आणि १९६७ साली दाखवून दिलं, की कवचं पातळ झाली आहेत. ती आईच्याच भारानं फुटत होती. अमेरिकेनं १९७२ साली डीडीटीवर बंदी घातली. तिथे बहिरी ससाण्याची पिल्लं वाढवून रानात सोडण्याचं काम टॉम केड आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी केलं. केड स्वतः ससाणे शिकवणारे होते. राजांच्या हौशीसाठी जमवलेली विद्या अखेर पक्ष्याच्या उपयोगी पडली. १९९९ साली अमेरिकेनं त्याला धोक्यातल्या प्राण्यांच्या यादीतून वगळलं.

आणि शिबीचा तराजू? तो आपल्याच देशात पुन्हा मांडला गेला. नागालँडमधल्या दोयांग धरणाच्या जलाशयावर दर हिवाळ्याच्या तोंडाशी अमूर ससाण्यांचे प्रचंड थवे उतरतात. २०१२ साली तिथे जाळी लावून एका हंगामात लाखाहून अधिक पक्षी मारले गेल्याचा अंदाज पुढे आला आणि देश हादरला. हे मारणारे कोण होते? धरणात जमिनी गेलेले, मासेमारीवर जगणारे पांगती गावचे लोक. त्यांनी मासळीचीच जाळी वर टांगली होती. म्हणजे इथे पोटाचा प्रश्न माणूस विचारत होता आणि कबुतराच्या जागी ससाणा होता. पुढच्याच वर्षी, २०१३ साली, गावानं शिकार थांबवली. हक्काची कमाई सोडली. त्या नोव्हेंबरात काही ससाण्यांवर उपग्रहाशी जोडलेले छोटे प्रक्षेपक बसवले गेले. त्यांतल्या एकाचं नाव ठेवलं 'पांगती'. हे पक्षी भारत ओलांडून, अरबी समुद्र पार करून आफ्रिकेत पोचल्याचं सगळ्या जगानं पाहिलं. 'बहरी' म्हणजे सागरी हे नाव खरं तर यांना शोभावं.

शिबीनं आपलं मांस पारड्यात घातलं, पांगतीच्या कोळ्यांनी आपली कमाई. ससाण्याचं रक्षण व्हावं असं दूर शहरात बसून म्हणणाऱ्या आपण सर्वांनी त्या पारड्यात काय घातलं, हे मात्र अजून सांगायचं राहिलं आहे.