अवयवाचे मोल आणि उपजीविकेचे मोल : मोटार अपघातातील नुकसानभरपाईचा विकास

रस्त्यावरील अपघातात हात गमावलेला मनुष्य न्यायासनापुढे उभा राहतो, तेव्हा हाताची किंमत किती, एवढाच प्रश्न नसतो. त्या हातावर उभे असलेले आयुष्य किती खचले, हे ठरवावयाचे असते. हा भेद आज सहज पटतो. परंतु भारतीय न्यायव्यवहारात तो निश्चित होण्यास दीर्घ काळ जावा लागला.

इंग्लंडमधील १८४६ च्या कायद्याच्या धर्तीवर हिंदुस्थानात १८५५ साली प्राणांतिक अपघातांविषयीचा कायदा झाला. त्यायोगे मृताच्या आप्तांना दावा लावता येऊ लागला. जखमी होऊन जगलेल्यास मात्र अपकृत्याच्या सामान्य तत्त्वांवरच विसंबून दिवाणी न्यायालयाची पायरी चढावी लागे. पुढे कामगार नुकसानभरपाईच्या १९२३ च्या कायद्याने अवयववार टक्केवारीचे परिशिष्ट दिले. ते कामावरील अपघातांपुरते होते. त्याची सोय उघड होती आणि मर्यादाही तितकीच उघड होती. कारण गेलेला अवयव कोणत्या धंद्यातील माणसाचा, हे असे परिशिष्ट विचारीत नाही.

मोटार वाहनांविषयीचा सर्वसमावेशक कायदा १९३९ साली झाला. १९५६ च्या दुरुस्तीने त्यात अपघात-दाव्यांसाठी स्वतंत्र न्यायाधिकरणांची तरतूद झाली आणि ‘न्याय्य’ वाटेल ती रक्कम ठरविण्याचा अधिकार त्यांस मिळाला. १९८८ च्या कायद्यानेही हाच शब्द कायम ठेवला. शब्द लहान, पण त्याचा आशय निर्णयांगणिक भरत गेला.

सर्वोच्च न्यायालयाने १९९५ साली हानीचे दोन वर्ग विशद केले. औषधोपचार, बुडालेली मिळकत, शुश्रूषेचा खर्च ही आर्थिक हानी होय. वेदना, मनस्ताप व जीवनातील आनंदास मुकणे ही दुसऱ्या प्रकारची. २००९ साली वयानुसार गुणकांचा तक्ता निश्चित झाला : १५ ते २५ वर्षांसाठी १८, २६ ते ३० साठी १७, आणि पुढे उतरत जाऊन ६५ च्या वर ५. तो निर्णय मृत्यूच्या दाव्यातील असला तरी जखमींच्या भावी मिळकतीची हानी मोजतानाही तोच गुणक वापरला जातो.

कळीचा निर्णय २०१० चा. वैद्याने सांगितलेली अपंगत्वाची टक्केवारी म्हणजेच मिळकतक्षमतेची हानी नव्हे, असे त्यात स्पष्ट केले गेले. डावा हात तुटल्यास अपंगत्व सुमारे ६० टक्के धरले जाईल. परंतु सुताराची किंवा वाहनचालकाची मिळकत जवळजवळ पूर्ण बुडेल, तर सरकारी कारकुनाची नोकरी कदाचित टिकेलही.

हा भेद केवळ शाब्दिक नाही. समजा, २८ वर्षांच्या सुताराची मासिक मिळकत १५,००० रुपये, म्हणजे वर्षाची १,८०,००० रुपये आहे. स्वतंत्र व्यवसाय करणाऱ्या, चाळिशीच्या आतील व्यक्तीसाठी भावी वाढ म्हणून ४० टक्के मिळवावेत, असे २०१७ साली घटनापीठाने ठरविले. हे तत्त्व जखमींनाही लागू असल्याचे २०२० साली स्पष्ट झाले. त्याप्रमाणे वार्षिक रक्कम २,५२,००० होते व १७ ने गुणिता ४२,८४,००० भरते. वैद्यकीय ६० टक्केच धरल्यास सुताराच्या हाती २५,७०,४०० रुपये पडतील. धंदा पाहिल्यास संपूर्ण रक्कम. एका प्रश्नावर १७,१३,६०० रुपयांचा फरक पडतो.

म्हणूनच वैद्यकीय पुरावा पुढे येत असता न्यायाधिकरणाने मूक प्रेक्षक राहू नये, असेही त्याच निर्णयात बजावले आहे. वैद्य शरीराची हानी सांगू शकतो. माणूस काय काम करीत होता आणि आता काय करू शकेल, याचा शोध न्यायाधीशानेच घ्यावयाचा असतो. तक्ते व गुणक यांनी निर्णयांत एकरूपता आणली, हे त्यांचे मोठे कार्य होय. परंतु त्या आकड्यांत कोणती टक्केवारी घालावयाची, हे कोणताही तक्ता सांगत नाही. ‘न्याय्य’ या शब्दाची कसोटी आजही तेथेच लागते.