फाईल नागपूरला गेलीय

माझी आत्या सरकारी नोकरीतून निवृत्त झाली त्या दिवशी तिला शाल, श्रीफळ आणि भिंतीवरचं घड्याळ मिळालं. ग्रॅच्युइटी मिळायला अकरा महिने लागले. सेवापुस्तकातल्या एका जुन्या वेतनवाढीची नोंद जुळत नव्हती. विचारलं की ती म्हणायची, "फाईल नागपूरला गेलीय." माणूस संभाजीनगरचा, ऑफिस संभाजीनगरचं, मग मध्येच नागपूर कुठून आलं?

विदर्भ आणि मराठवाडा इथल्या राज्य कर्मचाऱ्यांच्या पेन्शनचे कागद नागपूरच्या महालेखापाल कार्यालयात तपासले जातात. मराठवाड्याला हे बाहेरगाव नवीन नाही. १९५६ पर्यंत आपली राजधानी हैदराबाद होती, नंतर मुंबई झाली. हायकोर्टाचं खंडपीठ औरंगाबादेत सुरू झालं ते २७ ऑगस्ट १९८१ रोजी. त्याआधी सरकारविरुद्ध दाद मागायची तर आधी प्रवासाचा खर्च मोजावा लागे.

पण अंतरापेक्षा जुनी अडचण वेगळी आहे. इंग्रजांनी १८७१ मध्ये पेन्शन कायदा केला. त्याच्या चौथ्या कलमानुसार पेन्शनबद्दलचा दावा दिवाणी कोर्टात चालत नसे. संस्थानिकांचे वारस असोत की जुन्या राजवटींचे वतनदार, सरकार देईल ते घ्यायचं. पेन्शन म्हणजे मेहेरबानी, आणि मेहेरबानीला तारीख नसते.

ही समजूत कोर्टात मोडायला शंभर वर्षं लागली. १९७१ मध्ये देवकीनंदन प्रसाद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने पेन्शन हा हक्क आहे आणि ती मालमत्ता आहे, असं सांगितलं. १७ डिसेंबर १९८२ रोजी, यशवंत विष्णू चंद्रचूड सरन्यायाधीश असताना, पाच न्यायाधीशांच्या पीठाने नकारा खटल्यात तेच आणखी ठामपणे मांडलं. आज १७ डिसेंबर हा पेन्शनर दिन म्हणून पाळतात तो त्यामुळेच.

हक्क मिळाला, पण वेळेवर मिळण्याचं काय? ते ठरलं १९८४ च्या केरळ सरकार विरुद्ध पद्मनाभन नायर या खटल्यात. नायर मे १९७३ मध्ये निवृत्त झाले आणि पैसे हातात आले ऑगस्ट १९७५ मध्ये. कारण काय, तर अंतिम वेतन प्रमाणपत्र वेळेत निघालं नाही. न्यायालयाने म्हटलं, निवृत्तीची तारीख आधीपासून माहीत असते, तेव्हा हे कागद आठवडाभर आधी तयार हवेत. दोन महिन्यांपुढच्या उशिराला दंड म्हणून बाजारभावाने व्याज द्यावं.

मी सॉफ्टवेअरमध्ये काम करतो. जन्मतारीख पहिल्याच दिवशी नोंदवलेली असते, त्यामुळे निवृत्तीचा दिवस तीस वर्षं आधी कळतो. इतका वेळ हातात असूनही काम वेळेवर झालं नाही, तर आम्ही त्याला उशीर म्हणत नाही, रचनेतला दोष म्हणतो. टेबलावरच्या कारकुनाला शिव्या देऊन तो जात नाही. सेवापुस्तकातली चूक ज्या वर्षी होते त्याच वर्षी कोणी ती तपासत नाही. ती उघडी पडते माणूस दाराबाहेर पडताना, आणि भुर्दंड त्यालाच.

महाराष्ट्राच्या १९८२ च्या पेन्शन नियमांतही व्याजाची तरतूद आहे. प्रशासकीय चुकीमुळे ग्रॅच्युइटी तीन महिन्यांहून जास्त रखडली, तर पुढच्या काळाचं व्याज मिळतं. मी हे आत्याला सांगितलं. ती म्हणाली, "जाऊ दे रे, मिळाले ना शेवटी."

१८७१ चा कायदा तिने कधी वाचलेला नाही, तरी तो तिच्या या वाक्यात आहे. तेव्हा मी तिला नायर यांची उरलेली गोष्ट सांगितली. त्यांनी बारा टक्के व्याज मागितलं होतं, मिळालं सहा. ते कमी आहे हे सर्वोच्च न्यायालयालाही दिसत होतं. पण वाढीसाठी नायर यांनी वरच्या कोर्टात हरकत घेतली नव्हती, म्हणून न्यायालयाने ते वाढवलं नाही.

आत्या काही बोलली नाही. अर्ज मी टाईप करून तिच्या टेबलावर ठेवलाय. सही तिची हवी.